कासव तापलं तर...

सरपटणाऱ्या प्राण्यांना घाम येत नाही. त्यांच्या अंगाची उष्णता बाहेरच्या हवापाण्यावर ठरते. घरोघरी दिसणारं, मूळचं अमेरिकेतलं ‘रेड-इअर्ड स्लायडर’ कासव २४ ते २८ अंश सेल्सिअसच्या पाण्यात सुखी असतं. उन्हातली काचेची टाकी हा आकडा सहज ओलांडते.

• लक्षणं : उघड्या तोंडानं धापा, फेस, सैरावैरा धडपड, मग लुळे पाय. ऊन खाताना पाय ताणून पसरणं मात्र दुखणं नव्हे.

• आधी सावली. मग हनुवटीखाली राहील इतकंच साधं पाणी. मे महिन्यातल्या दुपारी गच्चीवरच्या टाकीतून येणारं नव्हे.

• बर्फ नको. तोंडात पाणी ओतू नये.

• हिंडू लागलं तरी त्याच दिवशी पशुवैद्याकडे न्यावं. आतली इजा उशिरा दिसते.