दरसाल चारशे झाडं, हेच भाडं

कॅलिफोर्नियातल्या सॅन डिएगो शहराने १८६८ सालीच उद्यानासाठी हजाराहून अधिक एकर जमीन राखून ठेवली होती. पण पुढची कित्येक वर्षं तिथे होती ती खुरटी झुडपं आणि उजाड टेकाडं. वर्षाकाठी पाऊस जेमतेम दहा इंच, तोही बहुतेक हिवाळ्यात. केट सेशन्स (१८५७–१९४०) या गावात आल्या त्या शिक्षिका म्हणून. बर्कलीहून १८८१ मध्ये विज्ञानाची पदवी घेतलेल्या या बाईंनी लवकरच शाळा सोडून रोपवाटिका थाटली.

१८९२ मध्ये त्यांनी शहराशी केलेला करार आपल्या प्रत्येक नगरपालिकेने वाचावा असा आहे. उद्यानातली सुमारे तीस एकर जागा रोपवाटिकेसाठी घ्यायची आणि मोबदल्यात दरवर्षी १०० झाडं उद्यानात लावायची. शिवाय ३०० झाडं शहरात इतरत्र लावण्यासाठी पुरवायची. भाडं पैशांत नव्हे, झाडांत! सायप्रस, पाइन, ओक, निलगिरी अशी कमी पाण्यावर तग धरणारी झाडं त्यांनी निवडली. दक्षिण अमेरिकेतला जॅकरांडा, म्हणजे आपल्याकडचा नीलमोहर, सॅन डिएगोत रुळला तो मुख्यतः त्यांच्यामुळे.

त्या उजाड टेकाडांवर आज बाल्बोआ पार्क आहे आणि सेशन्स यांना त्याची ‘आई’ म्हणतात. वनस्पतींच्या प्रसारासाठी दिलं जाणारं मायर पदक १९३९ मध्ये त्यांना मिळालं. ते मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला.