नाव नसलेला शास्त्रज्ञ

विज्ञानाच्या इतिहासात ज्याचा उल्लेख नाही, पण जगभरचे वाचक ज्याला ओळखतात अशा एका शास्त्रज्ञाचे हे चरित्र. लंडनजवळ रिचमंडला त्याचे घर, घरातच प्रयोगशाळा आणि दर गुरुवारी रात्री मित्रमंडळींना जेवण. व्यासंग एकच, काळ! नाव मात्र विचारू नका. १८९५ साली एच. जी. वेल्स यांनी ‘द टाइम मशीन’ या छोटेखानी कादंबरीत त्याला जगापुढे आणले आणि अथपासून इतिपर्यंत नुसता ‘कालप्रवासी’ म्हणूनच ठेवले.

त्याचे बारसे झालेच नव्हते असे नाही. १८८८ साली, वेल्स अवघे एकवीस वर्षांचे असताना, विद्यार्थ्यांच्या एका मासिकात त्यांनी याच कल्पनेवर गोष्ट लिहायला घेतली होती. तिच्यातल्या शास्त्रज्ञाचे नाव डॉ. मोझेस नेबोगिफेल! हे गृहस्थ वेल्स प्रांतातल्या एका खेड्यात येऊन राहतात (लेखकमहाशयांच्या आडनावाचा आणि या प्रांताचा संबंध नाही बरे) आणि गावकरी त्यांना चेटक्या ठरवतात. तीन हप्त्यांनंतर गोष्ट अर्धवट सुटली. पुढच्या सात वर्षांत लेखकाने ती पुन्हापुन्हा लिहिली. चेटक्याचा सभ्य गृहस्थ झाला, खेड्याचे रिचमंड झाले आणि नाव गळून पडले. झाले ते उत्तमच. नेबोगिफेलकडे आपण जेवायला गेलो नसतो.

कालप्रवाशाचे म्हणणे साधे होते. वस्तूला लांबी, रुंदी, उंची असली म्हणजे झाले काय? ती काही वेळ टिकलीही पाहिजे. तेव्हा काळ ही चौथी मिती. आणि इतर तिन्हींत हिंडता येते, तर हिच्यात का नाही? आइन्स्टाइनचा सापेक्षतेचा सिद्धान्त आला १९०५ साली, म्हणजे दहा वर्षांनी. आपल्या भागवतातला ककुद्मी राजाही मुलीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला, गाणे संपेपर्यंत थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली. पण तो काळाच्या पुढे गेला तो नकळत. रिचमंडच्या माणसाने निकेल, हस्तिदंत आणि स्फटिक जुळवून स्वतःच्या हातांनी यंत्र केले आणि खोगिरावर मांड टाकून दांडी ओढली.

तो पोचला इ. स. ८,०२,७०१ मध्ये. तिथे माणसाच्या दोन जाती झालेल्या. वर उन्हात फळे खाणारे, फुले माळणारे, नाजूक, आळशी इलॉय. आणि खाली भुयारांत यंत्रे चालवणारे, फिकट कातडीचे मॉरलॉक. वरच्यांना अंधाराची भीती का वाटते, हे कालप्रवाशाला उशिरा उमगले. खालचे वरच्यांना पोसतात आणि रात्री वर येऊन त्यांनाच खातात!

ही कल्पना कुठून आली? वेल्स यांची आई ससेक्समधल्या अपपार्क नावाच्या बड्या हवेलीत घरव्यवस्था पाहणारी नोकर होती. त्या हवेलीपासून स्वयंपाकघराकडे आणि तबेल्याकडे जाणारी भुयारे आहेत. नोकरांनी मालकांच्या नजरेस न पडता ये-जा करावी म्हणून! पोरवयात वेल्स तिथे राहिले होते. पुढे कापडदुकानात उमेदवारी करताना दिवसाचे तेरा तेरा तास राबणेही त्यांनी भोगले होते. आठ लक्ष वर्षांचा प्रवास करून त्यांचा शास्त्रज्ञ पोचला तो आईच्या जिन्याखालीच, असे मला दर वाचनात वाटते.

परंतु मला जास्त चटका लावते ती वीना. नदीत बुडत असताना कालप्रवाशाने वाचवलेली ही चिमुकली इलॉय मुलगी त्याची पाठ सोडत नाही. त्याचा खिसा ही तिला फुले ठेवायची मजेदार फुलदाणी वाटते! तिला आपल्या काळात न्यायचे, असे त्याने मनाशी ठरवलेले. पण रानात रात्र गाठते, मॉरलॉक घेरतात, वणवा पेटतो आणि त्या गोंधळात ती हरवते, ती कायमची.

तो परत आला तेव्हा घरी तोच दिवस चालू होता. कपडे मळलेले, पाय लंगडता. आणि आल्या आल्या मागितले काय, तर मटण! त्याची हकीकत कोणाला पटली नाही. सांगता सांगताच त्याने खिशातून दोन कोमेजलेली पांढरी फुले काढून टेबलावर ठेवली होती. डॉक्टरसाहेबांनी ती दिव्यापाशी नेऊन निरखली. त्यांची ठेवण विचित्र होती, कोणत्या कुळातली तेही सांगता येईना. तपासायला नेऊ का, असे त्यांनी विचारले, आणि या प्रयोगनिष्ठ माणसाने साफ नकार दिला. त्याच्याजवळ एवढा एकच पुरावा, तोही तो देईना! विज्ञानाचे एखादे प्राध्यापक इथे कपाळाला हात लावतील. मी त्यांच्याशी वाद घालणार नाही. पण ती फुले खिशात कोणी ठेवली होती, ते डॉक्टरांना कुठे ठाऊक होते?

दुसऱ्या दिवशी एक मित्र भेटायला आला. कालप्रवाशाच्या एका काखेत छोटा कॅमेरा होता, दुसऱ्या काखेत पिशवी. अर्ध्या तासात सगळे सिद्ध करून दाखवतो, असे सांगून तो प्रयोगशाळेत शिरला. मित्राने दार उघडले तेव्हा वाऱ्याचा झोत आला, छपराच्या काचेचे तुकडे खाली पडले आणि यंत्र नाहीसे झाले. मित्र तीन वर्षे वाट पाहत राहिला. फुले मात्र या खेपेला मागेच राहिली होती. ती आता त्या मित्राजवळ आहेत. तपकिरी पडलेली, चपटी आणि हात लावताच मोडतील अशी.