आर्वीच्या वरातीत ‘याड लागलं’

एप्रिल-मे म्हणजे आमच्या आर्वी तालुक्यात लग्नांची दाटी. कापसाचे पैसे हाती आलेले असतात, वावरं नांगरून पडलेली असतात आणि मृग लागेपर्यंत माणसाला थोडी उसंत असते. नेमक्या अशा दिवसांत, २९ एप्रिल २०१६ रोजी, ‘सैराट’ हा चित्रपट लागला. मी लग्नाच्या बॅण्डमध्ये क्लॅरनेट वाजवतो. गाणं चाललं की नाही, ते आम्हाला फर्माइशीवरून कळतं. त्या उन्हाळ्यात एकाही वरातीत ‘सैराट’ची फर्माइश चुकली नाही.

त्यातल्या ‘झिंगाट’ या गाण्याला तर तोडच नव्हती. साईड ड्रमवर काडी पडली की नवरदेवाच्या मामापासून शेंबड्या पोरापर्यंत सगळे रस्त्यावर. पण ‘याड लागलं’ची मागणी वेगळ्या वेळी यायची. वरात मांडवाच्या दाराशी आली, नवरदेव घोड्यावरून उतरला की एखादा मित्र कानाशी येऊन म्हणायचा, “भाऊ, आता ते वाजवा.” ‘ते’ म्हणजे कोणतं, हे सांगावं लागत नसे. नाचणारे पोट्टे थांबायचे, काही जण डोळे मिटून गुणगुणायचे. नाचायला न लावता वरात धरून ठेवणारं गाणं आमच्या धंद्यात क्वचितच मिळतं.

‘याड लागलं’चे शब्द आणि चाल अजय-अतुल या भावांची, आवाज अजय गोगावले यांचा. गाण्यातला मुलगा, परश्या, गावचा, त्याची बोली सोलापूरकडची. दिग्दर्शक नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, आणि चित्रपटाचं बरंचसं चित्रीकरणही त्याच भागातलं. पण या बोलीमागे जो वाद्यमेळ उभा आहे, तो थेट हॉलिवुडमधल्या सोनीच्या ध्वनिमुद्रणगृहात वाजवलेला. मोठमोठ्या इंग्रजी चित्रपटांचं संगीत जिथे मुद्रित होतं, तिथले वादक एका मराठी पोराच्या मनातली धडधड वाजवत होते. परश्या नावेतून पाण्यात उडी टाकतो तेव्हा व्हायोलिनांची जी लाट उठते, ती ऐकून माझ्या अंगावर आजही काटा येतो.

ही लाट आम्हा पाच-सात जणांच्या बॅण्डने आणायची कुठून? मग आम्ही वाटणी केली. खालचे लांब सूर युफोनियमने धरायचे, भरणा ट्रंपेटने करायचा आणि गायकाचा आवाज क्लॅरनेटने घ्यायचा. गाताना अजय गोगावले एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जातात. तशी मींड काढायची तर छिद्रांवरची बोटं हळूहळू सरकवावी लागतात आणि पत्तीवरची ओठांची पकड किंचित ढिली करावी लागते. ओठ जास्त सुटला की सूर पडतो, कमी सुटला की घसरण तुटते. वाद्यांचा सगळा ताफा काढून घेतल्यावरही चाल उभी राहिली, तेव्हा तिचा कस मला कळला.

गावाकडचं प्रेम मराठी गाण्यांना नवं नव्हतं. लावणीत शृंगार होताच. दादा कोंडक्यांच्या चित्रपटांत चावटपणा होता. १९७७ च्या ‘जैत रे जैत’मध्ये ना. धों. महानोर आणि हृदयनाथ मंगेशकर यांनी रानातल्या प्रेमाला सुंदर गाणी दिली. पण शेतात राबणारा, मासे धरणारा, मुलीसमोर शब्द न फुटणारा आजचा पोरगा एकट्याने बोलतो आहे आणि त्याच्या बोलण्याला एवढा मोठा मान मिळतो आहे, हे आमच्या पोरांनी प्रथमच ऐकलं. म्हणून सोलापूरची बोली वऱ्हाडी पोरांना परकी वाटली नाही. मोबाईलच्या दुकानात मेमरी कार्डावर गाणी भरून घेणाऱ्यांत ट्रॅक्टरवाले होते, जिनिंगमधले हमाल होते, कॉलेजची मुलंमुली होती.

चित्रपटाने शंभर कोटींच्या वर कमाई केली. मराठीत हे तोवर कुणाला जमलं नव्हतं. २०१८ मध्ये हिंदीत ‘धडक’ आला, तेव्हा ‘याड लागलं’चीच चाल ‘पहली बार’ होऊन देशभर गेली. हिंदी गाणंही आम्ही बसवलं. पण आमच्याकडे फर्माइश येते ती मराठीचीच.

एक गोष्ट मात्र मनाला डाचते. ज्या आर्ची-परश्याच्या प्रेमाचं हे गाणं, त्या दोघांना जातीपायी मारून टाकलं जातं. सगळ्यांनी तो शेवट पाहिलेला असतो. तरी पोरीने दुसऱ्या जातीतला मुलगा पसंत केला म्हणून तिचं शिक्षण थांबवणाऱ्या घरच्या मांडवातही मी हे गाणं वाजवलं आहे, आणि त्याच घरच्या वडीलधाऱ्यांनी आमच्यावरून नोटा ओवाळल्या आहेत. गाण्यातलं प्रेम गोड लागतं. घरातलं आलं की इज्जत आडवी येते. दोन जातींतल्या, दोन धर्मांतल्या माणसांना लग्न करता यावं म्हणून विशेष विवाह कायदा १९५४ पासून या देशात आहे. कायद्याने दार उघडलं, गाण्याने मन हलवलं. उरलेलं काम आईबापांचं आहे. ज्यांना ‘याड लागलं’ आवडतं त्यांना माझं कळकळीचं सांगणं आहे: तुमच्या घरातलं लेकरू असं काही सांगायला आलं, तर आधी त्याला बसवा आणि त्याचं पूर्ण ऐकून घ्या. मग त्या लग्नात क्लॅरनेट वाजवायला मी बिनपैशाने येईन.