चेतकचे दोन जन्म

अब्बांच्या चेतक स्कूटरवर आम्ही चौघे बसत असू. पुढे मी उभा, मागे अम्मी, तिच्या मांडीवर धाकटी बहीण. कवीने उद्योगधंद्यावर काय बोलावे, असे आपल्याला वाटेल. पण यशस्वी कंपनीने बदलत्या बाजारात कसे टिकावे, हा धडा मला या स्कूटरच्या कहाणीतच सापडला.

बजाज ऑटोने १९७२ साली चेतक आणली. ते परवान्यांचे दिवस होते. किती गाड्या बनवायच्या, हे सरकार ठरवी. लोक नंबर लावून वर्षानुवर्षे वाट पाहत. गिऱ्हाईकच रांगेत उभे असले की त्याचे मन ओळखायची गरज उरत नाही. यशातला धोका नेमका हाच.

१९८५ मध्ये हिरो होंडाची फोर-स्ट्रोक मोटारसायकल आली. तिला पेट्रोल कमी लागे आणि मोठ्या चाकांमुळे ती खड्ड्यांतूनही नीट जाई. १९९१ नंतर परवान्यांचे कुंपण गेले आणि नव्वदीच्या अखेरीस गिऱ्हाईक मोटारसायकलीकडे वळले. बजाजकडे कावासाकीच्या साथीने मोटारसायकली बनवण्याचा अनुभव होताच. २००१ मध्ये तिने ‘पल्सर’ आणली आणि तरुणांनी ती उचलून धरली. ज्या स्कूटरने नाव मिळवून दिले, तिच्यातच कंपनी अडकून पडली नाही.

पण गोष्ट इथे संपत नाही. २००९ मध्ये बजाजने स्कूटर पूर्ण बंद करायचे ठरवले. राहुल बजाज यांनी त्याचे दुःख उघडपणे बोलून दाखवले होते. इकडे २००१ मध्येच आलेली होंडाची बिनगिअरची ॲक्टिव्हा घरोघरी पोचत होती. आई, मुलगी, आजोबा, सगळेच ती चालवू लागले. म्हणजे लोकांना स्कूटर नको नव्हती, जुन्या तऱ्हेची स्कूटर नको होती. या दोन गोष्टींतला फरक ओळखणे, हेच खरे कसब. पुढे जानेवारी २०२० मध्ये चेतक परत आली, ती विजेवर चालणारी होऊन. नाव जुने, यंत्र नवे.

आम्हा कवींचेही असेच होते. एका कवितेला टाळ्या मिळाल्या की तीच कविता आम्ही पुन्हापुन्हा लिहू लागतो. श्रोते कधी उठून गेले, ते कळतही नाही. कारखानदार काय नि कवी काय, टाळ्या वाजत असतानाच समोरच्या चेहऱ्यांकडे नीट पाहायला हवे.