निकालाआधीच तुरुंगवास! जलद खटल्याचा हक्क नेमका काय? समजून घ्या

गुन्हा सिद्ध झालेला नाही, तरीही मुक्काम तुरुंगात. देशात २०२२ च्या अखेरीस ५ लाख ७३ हजार २२० कैदी होते. त्यापैकी ४ लाख ३४ हजार ३०२, म्हणजे दर चारपैकी तीन, कच्चे कैदी होते, असे राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाची आकडेवारी सांगते.

हा हक्क आला कुठून?
राज्यघटनेत ‘जलद खटला’ असे शब्द नाहीत. बिहारमधील कच्च्या कैद्यांविषयीच्या बातम्या वाचून वकील कपिला हिंगोरानी यांनी १९७९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. काही जण त्यांच्या गुन्ह्याच्या कमाल शिक्षेहूनही जास्त काळ आत होते. ‘हुसैनारा खातून’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या खटल्यात, जलद खटला हा कलम २१ मधील हक्काचाच भाग असल्याचे न्या. पी. एन. भगवती यांनी स्पष्ट केले.

किती वर्षांत निकाल हवा?
अशी ठरावीक मुदत नाही. महाराष्ट्राचे माजी मुख्यमंत्री ए. आर. अंतुले यांच्या प्रकरणात घटनापीठाने सांगितले, की हा हक्क तपासापासून अपिलापर्यंत लागू आहे; पण सर्व खटल्यांना एकच मुदत घालता येणार नाही. उशीर कोणामुळे झाला, हे पाहावे लागते. २००२ मध्ये सात न्यायमूर्तींच्या पीठानेही हीच भूमिका घेतली.

मग सुटका कधी?
१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ४७९ इथे महत्त्वाचे. कमाल शिक्षेच्या निम्मा काळ आत काढलेला कच्चा कैदी जामिनाला पात्र ठरतो. याआधी कधीच दोषी न ठरलेल्यासाठी ही अट एक तृतीयांश आहे.

उदाहरणार्थ, साध्या चोरीला कमाल शिक्षा तीन वर्षे. पहिल्यांदाच अडकलेला आरोपी एका वर्षानंतर पात्र ठरतो. न्यायालयाकडे अर्ज करण्याची जबाबदारी तुरुंग अधीक्षकांवर आहे.

अपवाद कोणते?
- फाशी किंवा जन्मठेपेची तरतूद असलेले गुन्हे
- एकाहून अधिक गुन्हे किंवा खटले प्रलंबित असलेले आरोपी
- आरोपीमुळेच झालेला उशीर मोजला जात नाही

शिवाय, कारणे नोंदवून न्यायालय निम्म्या काळानंतरही कोठडी वाढवू शकते.

कुटुंबीयांनी काय करावे?
- अटकेची तारीख आणि लावलेली कलमे लिहून ठेवा.
- प्रत्येक कलमाची कमाल शिक्षा वकिलाकडून समजून घ्या.
- गुन्ह्यानुसार ६० किंवा ९० दिवसांत दोषारोपपत्र आले नाही, तर लगेच जामीन मागा. ते दाखल झाल्यावर ही संधी जाते.
- वकील नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. कोठडीतील व्यक्तीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. हेल्पलाइन क्रमांक : १५१००.

जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. खटला सुरूच राहतो. फक्त निकालाची वाट गजाआड पाहावी लागत नाही.