बदलीच्या गांवचें पोर

आमच्या मास्तरकीच्या काळांत ऐन सहामाहीच्या सुमारास वर्गाच्या दाराशीं एखादा नवा मुलगा येऊन उभा राही. वडील सरकारी नोकर. धाराशिवास बदली झालेली. आम्ही दाखला पाहून त्याचें नांव पटावर चढवीत असूं, बाकावर जागा दाखवीत असूं आणि पुढील धड्यास लागत असूं. त्या पोराच्या मनांत काय चाललें असेल, हा विचार आम्हांस क्वचितच शिवला. तो परवां एका चित्रपटानें करावयास लाविला, म्हणून हा लेखनप्रपंच.

तो चित्रपट ‘किल्ला’. त्याचे दिग्दर्शक अविनाश अरुण हे मूळचे छायालेखक. ही विद्या त्यांनीं पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्यें संपादन केली. दिग्दर्शनाचा हा पहिलाच प्रयत्न असूनहि कॅमेरा त्यांनीं स्वतःच्याच हातीं ठेविला. २०१४ सालीं बर्लिनच्या महोत्सवांत बालपरीक्षकांनीं या चित्रपटास स्फटिकाच्या अस्वलाचें पारितोषिक दिलें. पुढें उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारहि त्यास लाभला.

कथा लहानशीच आहे. पितृछत्र हरपलेला चिन्मय. आईची पुण्याहून कोंकणांत बदली होते. नवे सोबती मिळतात, रुसवेफुगवे होतात, आणि कोठें जीव रमूं लागतो तोंच पुन्हां बदली! काव्याचे दृश्य व श्रव्य हे दोन भेद आम्ही जन्मभर शिकविले. पण दृश्य म्हणजे रंगभूमीवर बोलणारीं पात्रें, एवढीच आमची समजूत. येथें मुलगा फारसा बोलतच नाहीं. पावसाच्या सरी, ओले तट, पसरलेला समुद्र हींच त्याच्या वतीनें बोलतात. सोबत्यांबरोबर किल्ल्यांत गेलेला चिन्मय भर पावसांत एकटा पडतो, तो प्रसंग पाहतांना आम्हांस आमचा नळदुर्ग आठवला. पाणीमहालावरून कोसळणारे नर-मादी धबधबे पाहावयास आम्ही मुलांस हौसेनें नेत असूं. त्याच पावसांत, तशाच तटाआड, एखादें पोर भेदरून उभें असूं शकेल, हें आमच्या ध्यानीं आलें नव्हतें.

२०१५ सालीं नीरज घेवान यांच्या ‘मसान’ या हिंदी चित्रपटांत काशीचे घाट व तेथील चिता अविनाश अरुण यांच्याच कॅमेऱ्यानें टिपल्या. कान येथील महोत्सवांत त्या चित्रपटास दोन पारितोषिकें मिळालीं. पुढें स्वतः दिग्दर्शित केलेल्या ‘थ्री ऑफ अस’मध्यें ते पुनः कोंकणांतच परतले. स्मृति हरवूं लागलेली एक स्त्री बालपणींच्या वेंगुर्ल्यास जाऊन येते, हा त्याचा विषय. त्याच्या छायालेखनास २०२४ सालीं फिल्मफेअर पारितोषिक मिळालें. सुटलेलें गांव माणसास सहजासहजी सोडीत नाहीं, हेंच या दोन्ही चित्रपटांचें सार होय.

बदलीच्या हुकुमांत मुलाचें नांव कधींच नसतें. तरी ज्या घरीं असा हुकूम आला असेल, तेथें आईबापांनीं मुलांसह ‘किल्ला’ अवश्य पाहावा. आणि पाहून झाल्यावर उपदेश न करितां त्यांस बोलूं द्यावें. आम्हीं तें आमच्या वर्गांत केलें नाहीं, याची खंत आज वाटते.