मोकदम ते मुकादम

‘मुकादम’ म्हटलं की आज बीडच्या ऊसतोडीची टोळी आठवते. शब्द मात्र अरबी. ‘मुकद्दम’ म्हणजे पुढे ठेवलेला, अग्रस्थानी असलेला. फारसीमार्गे तो भारतात आला आणि गावाच्या प्रमुखाला चिकटला. चौदाव्या शतकात इतिहासकार झियाउद्दीन बरनी अल्लाउद्दीन खिलजीबद्दल लिहितो, तेव्हा सारा गोळा करणारे आणि सुलतानाने सवलती काढून घेतलेले गावपुढारी म्हणून मुकद्दम येतात. दख्खनच्या कागदपत्रांत ‘मोकदम’ म्हणजे पाटीलच. गावाच्या वतीने सरकारशी बोलणारा आणि सरकारच्या वतीने गावाकडून वसूल करणारा.

हे दोन्हीकडचं मधलेपण शब्दाने सोडलं नाही. ऊसतोडीचा मुकादम कारखान्याकडून रक्कम घेतो, मजुरांना ‘उचल’ म्हणजे आगाऊ पैसे देतो, टोळी बांधतो; त्याला कमिशन मिळतं. नवरा-बायकोची जोडी ‘कोयता’ म्हणून मोजली जाते आणि उचल फिटेपर्यंत राबते. गावाचा मान असलेला शब्द कर्जाच्या साखळीत येऊन थांबावा, याचं मला वाईट वाटतं.

कोकणात मुकादम आडनाव झालं. अनेक अरब सैन्यांत ‘मुकद्दम’ हा लेफ्टनंट कर्नलच्या बरोबरीचा हुद्दा आहे. कोर्टातला ‘मुकदमा’ही त्याच धातूचा.